हुकलेल्या सामन्यांचा हिशेब
खेळाडूचा टिकाऊपणा, त्रिविध बल आणि आपली जबाबदारी

२ नोव्हेंबर २०२५ च्या रात्री नेरुळच्या डॉ. डी. वाय. पाटील स्टेडियमवर भारतीय महिला संघाने दक्षिण आफ्रिकेला ५२ धावांनी हरवून एकदिवसीय क्रिकेटचा विश्वचषक प्रथमच जिंकला. नवी मुंबईकरांच्या स्मरणात ती रात्र दीर्घकाळ राहील. त्या विजयोत्सवात एक खेळाडू चाकांच्या खुर्चीवर बसून मैदानात आली होती. सलामीची फलंदाज प्रतिका रावल हिने त्या स्पर्धेत ३०८ धावा केल्या होत्या. २६ ऑक्टोबर रोजी याच मैदानावर बांगलादेशाविरुद्धच्या सामन्यात क्षेत्ररक्षण करताना तिचा घोटा दुखावला आणि उपांत्य व अंतिम असे दोन्ही सामने तिला हुकले. तिच्या जागी आलेल्या शफाली वर्माने अंतिम सामन्यात ८७ धावा काढल्या, दोन बळी घेतले व ती सामनावीर ठरली.

धावफलकावर शफालीच्या ८७ धावा कायमच्या नोंदल्या गेल्या. प्रतिकाच्या न खेळलेल्या दोन सामन्यांना त्या फलकावर रकाना नाही. खेळाच्या इतिहासात केलेल्या कामगिरीची नोंद होते, हुकलेल्या सामन्यांची क्वचितच होते. वैद्याच्या दृष्टीने मात्र हाच रकाना महत्त्वाचा आहे, कारण खेळाडू आपल्या दारी येतो तो सामना हुकण्याच्या भीतीने.

अमेरिकेतील व्यावसायिक बास्केटबॉलमध्ये हा हिशेब काटेकोरपणे ठेवला जातो. तेथील एन.बी.ए. या प्रमुख साखळीत प्रत्येक संघ एका हंगामात ८२ सामने खेळतो. २०२३-२४ च्या हंगामापासून तेथे असा नियम आहे की सर्वोत्तम खेळाडूसारख्या प्रमुख सन्मानांसाठी किमान ६५ सामने खेळलेले असावेत. ए. सी. ग्रीन या खेळाडूने १९८६ ते २००१ या काळात सलग १,१९२ सामने खेळून तेथील विक्रम केला. आपल्याकडे बास्केटबॉलचे व्यावसायिक विश्व तितके मोठे नाही. क्रिकेटमध्ये मात्र आपल्याच महाराष्ट्रातील एका खेळाडूची चोवीस वर्षांची कारकीर्द उपलब्ध आहे. तिच्यातील हजेरी व गैरहजेरी दोन्ही सर्वांसमोर घडल्या. हा खेळाडू म्हणजे सचिन तेंडुलकर. त्यांच्या शतकांवर विपुल लेखन झालेले आहे. प्रस्तुत लेखात त्यांच्या हुकलेल्या सामन्यांचा विचार करावयाचा आहे.

बलाचे तीन प्रकार

चरकाचार्यांनी सूत्रस्थानातील तिस्रैषणीय अध्यायात बल तीन प्रकारचे सांगितले आहे : सहज, कालज आणि युक्तिकृत. शरीर व सत्त्व यांचे जन्मतः प्राप्त झालेले बल ते सहज. ऋतू व वय यांच्यामुळे येणारे ते कालज. आहार आणि चेष्टा यांच्या योग्य योजनेने मिळवलेले ते युक्तिकृत. आपण सर्वांनी हे पदवीच्या पहिल्या वर्षी पाठ केलेले असते. खेळाडूच्या बाबतीत मात्र सामान्य माणूस, पत्रकार व पालक केवळ पहिल्या प्रकाराचाच विचार करतात. ‘त्याची अंगकाठीच मजबूत’ किंवा ‘हा मुळातच नाजूक’ असे म्हणून ते मोकळे होतात. तेंडुलकरांची कारकीर्द नीट पाहिली तर तिन्ही बलांचा क्रमाक्रमाने झालेला उपयोग दिसतो.

सुश्रुताचार्यांनी सोळा ते सत्तर हे मध्यम वय मानून त्याचे चार विभाग केले आहेत : विसाव्या वर्षापर्यंत वृद्धी, तिसाव्यापर्यंत यौवन, चाळिसाव्यापर्यंत सर्व धातू, इंद्रिये, बल व वीर्य यांची संपूर्णता आणि त्यानंतर किंचित हानी. २४ एप्रिल १९७३ रोजी जन्मलेल्या तेंडुलकरांनी नोव्हेंबर १९८९ मध्ये कराचीत पहिली कसोटी खेळली तेव्हा त्यांचे वय सोळा होते. नोव्हेंबर २०१३ मध्ये वानखेडे स्टेडियमवर त्यांनी दोनशेवी व अखेरची कसोटी खेळली तेव्हा चाळीस पूर्ण झाले होते. वृद्धी, यौवन व संपूर्णता हे तिन्ही विभाग जणू मोजून एका कारकिर्दीत बसावेत, असा हा योग आहे.

पहिला कालखंड : गैरहजेरी नाही

त्या पहिल्याच दौऱ्यात सियालकोटच्या कसोटीत वकार युनूसचा चेंडू नाकावर बसून रक्त आले, तरी ते मैदान सोडून गेले नाहीत. ५७ धावा करूनच परतले. यास सत्त्वबल म्हणावे लागेल. पुढे २५ एप्रिल १९९० ते २४ एप्रिल १९९८ या काळात ते सलग १८५ एकदिवसीय सामने खेळले. हा विक्रम आहे. या तारखा लक्षपूर्वक पाहाव्यात. सतराव्या वाढदिवसाच्या दुसऱ्या दिवशी सुरू झालेली ही मालिका पंचविसाव्या वाढदिवशी संपली. कसोटीतही पदार्पणापासून २००१ पर्यंत त्यांनी सलग ८४ सामने खेळले. सहज बलाला कालज बलाची जोड मिळाली की शरीर किती भार वाहू शकते, याचे यापेक्षा स्पष्ट उदाहरण क्वचितच सापडेल.

परंतु याच काळात पुढील गैरहजेरीची बीजे पडत होती. जानेवारी १९९९ मध्ये चेन्नईत पाकिस्तानविरुद्ध चौथ्या डावात कंबरेच्या असह्य वेदना सोसत त्यांनी १३६ धावा केल्या. भारत तो सामना १२ धावांनी हरला. त्या खेळीचे कौतुक आजही होते व ते योग्यच आहे. मात्र सामना न हुकणे म्हणजे शरीर न दुखावणे नव्हे, हा भेद वैद्याने विसरू नये. सलग हजेरीच्या आकड्यामागे सोसलेली वेदना दडलेली असते.

त्याच वर्षी विश्वचषक स्पर्धेच्या काळात त्यांचे वडील, मराठीचे प्राध्यापक व कवी रमेश तेंडुलकर यांचे निधन झाले. सचिन मुंबईस परतले, झिंबाब्वेविरुद्धचा सामना त्यांना हुकला व भारत तो तीन धावांनी हरला. चारच दिवसांनी, २३ मे १९९९ रोजी, त्यांनी ब्रिस्टल येथे केनियाविरुद्ध नाबाद १४० धावा केल्या. या गैरहजेरीची नोंद निराळ्या शाईने करावी लागेल.

दुसरा कालखंड : नागपूरची दोन पुनरागमने

२००१ मध्ये पायाच्या अंगठ्याच्या हाडाला इजा झाल्यामुळे श्रीलंकेतील तिन्ही कसोट्या त्यांना हुकल्या आणि ८४ सामन्यांची साखळी तुटली. त्यानंतरच्या ठळक गैरहजेऱ्या अशा : २००४ मध्ये ऑस्ट्रेलियाविरुद्धच्या पहिल्या दोन कसोट्या (कोपर), २००५ मध्ये झिंबाब्वेतील दोन (कोपराची शस्त्रक्रिया), २००६ मध्ये वेस्ट इंडीजमधील चार (खांदा) आणि २००८ मध्ये दक्षिण आफ्रिकेविरुद्धच्या दोन (जांघ). या पाच प्रसंगांची बेरीज १३ होते. दोनशे कसोट्या खेळलेल्या माणसाच्या बाबतीत ही संख्या लहान आहे. ती लहान का राहिली, हे समजण्यासाठी कोपराच्या दुखण्याचा क्रम पाहणे उद्बोधक ठरेल.

ऑगस्ट २००४ मध्ये नेदरलँड्समधील स्पर्धेच्या वेळी ‘टेनिस एल्बो’ हे दुखणे उघड झाले. कोपराच्या बाहेरील बाजूस स्नायू अस्थीला जेथे जोडलेला असतो तेथील हा विकार. हा परिसर कूर्पर मर्माच्या निकटचा आहे आणि कूर्पराची गणना वैकल्यकर मर्मांत होते, हे आपणास ठाऊक आहेच. ऑक्टोबर २००४ मध्ये ऑस्ट्रेलियाविरुद्धच्या दोन कसोट्या हुकल्यावर तिसऱ्या, नागपूरच्या कसोटीत ते खेळले. दोन्ही डावांत त्यांची धावसंख्या एकेरी राहिली. भारताने सामना ३४२ धावांनी आणि त्यासोबत मालिका गमावली. पुढे डिसेंबरमध्ये ढाक्यात त्यांनी नाबाद २४८ धावाही केल्या, म्हणजे कोपर दुखत असूनही मोठी खेळी शक्य होती. दुखणे मात्र मुळातून गेले नाही आणि मे २००५ मध्ये लंडनला शस्त्रक्रिया करावी लागली. त्या काळात लहानग्या अर्जुनची बॅट उचलणेही जड जात होते व कारकीर्द संपली असे वाटत होते, हे त्यांनी पुढे स्वतः सांगितले आहे.

शस्त्रक्रियेनंतर जवळजवळ पाच महिने ते सामन्यांपासून दूर राहिले. २५ ऑक्टोबर २००५ रोजी श्रीलंकेविरुद्ध ते परतले तेही नागपूरच्याच मैदानावर आणि ९३ धावा करून गेले. डिसेंबरमध्ये दिल्लीत पस्तिसावे कसोटी शतक झळकावून त्यांनी सुनील गावस्कर यांचा ३४ शतकांचा विक्रम मागे टाकला.

एका सामन्यावरून सिद्धान्त मांडणे धाडसाचे होईल. प्रतिस्पर्धी वेगळे होते, खेळाचा प्रकार वेगळा होता, दैवाचाही भाग असतो. तरीही एकाच मैदानावरील, बरोबर एका वर्षाच्या अंतराने झालेली ही दोन पुनरागमने शेजारी ठेवून पाहावीत, अशी माझी वैद्यबंधूंना विनंती आहे. पहिल्या वेळी मालिकेचा दिनक्रम पुढे होता व शरीर मागे होते. दुसऱ्या वेळी शरीराला आवश्यक तो काळ मिळाला होता.

सुश्रुताचार्यांनी भग्नचिकित्सेत संधी स्थिर होण्याचा काळ वयानुसार सांगितला आहे : प्रथम वयात एक महिना, मध्यम वयात त्याच्या दुप्पट, उत्तर वयात तिप्पट. भग्नाच्या रुग्णाने व्यायाम व आतप वर्ज्य करावेत असेही तेथे म्हटले आहे. कोपराचे दुखणे म्हणजे भग्न नव्हे, म्हणून हे आकडे जसेच्या तसे लावता येणार नाहीत. त्यामागील तत्त्व मात्र लागू पडते. बरे होण्याच्या काळाला वयाचा गुणक असतो आणि सामन्यांचे वेळापत्रक तो गुणक जाणत नाही.

मार्च २००६ मध्ये उजव्या खांद्याचीही शस्त्रक्रिया झाली. या वेळी वेस्ट इंडीजचा संपूर्ण दौरा त्यांनी सोडला व सप्टेंबरमध्ये क्वालालंपूर येथे वेस्ट इंडीजविरुद्धच नाबाद १४१ धावांनी पुनरागमन केले. २००८ मध्ये आयपीएलच्या पहिल्या हंगामात मुंबई इंडियन्सचे काही सामने आपल्या नेरुळच्या नव्या स्टेडियमवर झाले. ‘सचिन’ पाहण्यासाठी तिकिटे काढून गेलेल्यांपैकी काही जण आपल्या वाचकांतही असतील. जांघेच्या दुखण्यामुळे त्यांना पहिले सात सामने खेळता आले नाहीत. प्रेक्षक निराश झाले, पण त्या निराशेचे मोल पुढील तीन वर्षांत मिळाले.

तिसरा कालखंड : युक्तिकृत बल

२०१० हे वर्ष घ्या. तेंडुलकरांचे वय छत्तीस-सदतीस. त्या वर्षी ते १४ कसोट्या खेळले व सात शतकांसह १,५६२ धावा केल्या. एकदिवसीय सामने मात्र केवळ दोन. त्यांपैकी एक म्हणजे २४ फेब्रुवारीचा ग्वाल्हेरचा सामना, ज्यात पुरुषांच्या आंतरराष्ट्रीय एकदिवसीय क्रिकेटमधील पहिले द्विशतक त्यांच्या नावे झाले. तरुणपणी आठ वर्षे एकही एकदिवसीय सामना न सोडणाऱ्या खेळाडूने प्रौढ वयात सामने निवडले व सोडले. २०११ च्या विश्वचषकात त्यांनी ४८२ धावा केल्या आणि २ एप्रिल रोजी वानखेडेवर चषक हाती घेतला.

बलार्धापर्यंतच व्यायाम करावा, अतिव्यायामाने श्रम, क्लम, क्षय, तृष्णा, रक्तपित्त, कास, ज्वर व छर्दी हे विकार होतात, असे आपले ग्रंथ सांगतात. बलार्ध ही मात्रा सर्वांना व सर्वकाळ सारखी नसते. बल घटले की त्याचे अर्धही घटते. तेंडुलकरांच्या अखेरच्या काळातील निवड ही बदलत्या बलार्धाची ओळख होती, असे मी मानतो. येथे कोणा एका चिकित्सापद्धतीला श्रेय देण्याचा हेतू नाही. शस्त्रक्रिया आधुनिक शल्यविदांनी केल्या, पुनर्वसन फिजिओंनी केले. ‘युक्तिकृत’ हा शब्द मात्र आपल्या शास्त्राचा आहे आणि तो येथे नेमका लागू पडतो.

इतर तीन उदाहरणे

सुनील गावस्कर यांना १९७१ मध्ये पहिल्याच मालिकेतील पहिली कसोटी बोटाच्या जंतुसंसर्गामुळे हुकली. उरलेल्या चार कसोट्यांत त्यांनी ७७४ धावा केल्या. त्यांपैकी अखेरच्या सामन्यात तीव्र दातदुखी असताना एक शतक व एक द्विशतक काढले. पुढे जानेवारी १९७५ ते फेब्रुवारी १९८७ या काळात ते सलग १०६ कसोट्या खेळले.

मराठी कुटुंबातील राहुल द्रविड पदार्पणापासून सलग ९३ कसोट्या खेळले. ही साखळी डिसेंबर २००५ मध्ये अहमदाबाद येथे तुटली. त्यास कारण ठरला तीव्र अतिसार. हाडे व स्नायू साडेनऊ वर्षे टिकले आणि कोष्ठाने दगा दिला. टिकाऊपणाच्या चर्चेत सर्वांचे लक्ष संधी-स्नायूंकडे असते. अग्नीचा विचार करणारे शास्त्र आपले आहे, तेव्हा प्रवासातील पाणी, अन्न व वेळी-अवेळी भोजन यांबाबत खेळाडूला सावध करणे हे आपलेच काम ठरते. २००३ च्या विश्वचषकात जोहान्सबर्गला श्रीलंकेविरुद्ध ९७ धावा करताना तेंडुलकरांचेही पोट बिघडलेले होते. पेयात अधिक मीठ घातल्याचा तो परिणाम होता, असे त्यांनी आत्मचरित्रात सांगितले आहे. स्नायूंचे आखडणे टाळण्याकरिता घेतलेले लवण मात्रा ओलांडताच दुसरा व्याधी निर्माण करते, हे आपणास नवीन नाही.

तिसरे उदाहरण श्रीरामपूरच्या झहीर खान यांचे. वेगवान गोलंदाजाचे शरीर सर्वांत लवकर झिजते. २००६ च्या सुमारास संघाबाहेर असताना इंग्लंडमध्ये वूस्टरशायरकडून खेळत त्यांनी आपली धाव आखूड केली व नव्या जोमाने परतले. २०११ च्या विश्वचषकात त्यांनी २१ बळी घेतले. त्याच वर्षी लॉर्ड्सच्या कसोटीत पहिल्याच दिवशी १३.३ षटकांनंतर मांडीच्या मागील स्नायूने घात केला. पुढील गोलंदाजी त्यांना करता आली नाही व भारताने ती मालिका ४-० अशी गमावली. एका स्नायूच्या दुखापतीने संपूर्ण संघाची घडी विस्कटू शकते. तरीही ९२ कसोट्या व ३११ बळी ही त्यांची अंतिम नोंद पाहता, मधल्या काळात धाव आखूड करण्याचा निर्णय किती मोलाचा होता हे कळते.

बाटलीमुळे हुकलेले सामने

आतापर्यंतच्या गैरहजेऱ्या शरीरामुळे किंवा प्रसंगामुळे घडल्या. एक प्रकार मात्र असा आहे की ज्यात औषध देणारा व विकणारा यांचाही संबंध येतो.

मुंबईचा फलंदाज पृथ्वी शॉ याने ऑक्टोबर २०१८ मध्ये राजकोटला पदार्पणातच शतक केले. नोव्हेंबरअखेर सिडनीतील सराव सामन्यात घोटा दुखावल्याने ऑस्ट्रेलियातील कसोटी मालिका त्याला मुकावी लागली. तो बरा होऊन खेळू लागला. २२ फेब्रुवारी २०१९ रोजी इंदूर येथे देशांतर्गत स्पर्धेच्या वेळी घेतलेल्या मूत्राच्या नमुन्यात टर्ब्युटालीन आढळले. खोकल्याच्या सिरपमधून ते अजाणता पोटात गेले, हे त्याचे स्पष्टीकरण क्रिकेट मंडळाने मान्य केले. तरीही आठ महिन्यांची बंदी आली, ती १५ नोव्हेंबर २०१९ रोजी संपली. घोट्याने एक मालिका हिरावली, सिरपने त्याहून अधिक काळ हिरावला.

उत्तेजकविरोधी नियमांत हेतूपेक्षा नमुना महत्त्वाचा असतो. शरीरात काय सापडले याची जबाबदारी खेळाडूचीच मानली जाते. ऑगस्ट २०१९ पासून क्रिकेटपटूही राष्ट्रीय उत्तेजकविरोधी संस्थेच्या, म्हणजे ‘नाडा’च्या कक्षेत आले आणि २०२२ मध्ये या विषयाचा स्वतंत्र कायदाही झाला. ‘आमचे औषध वनस्पतिजन्य आहे, त्यात काय असणार?’ हे उत्तर आता पुरेसे नाही. पुढील द्रव्यांचा विचार करावा.

कुपीलूतील स्ट्रिक्नीन हे स्पर्धाकाळात निषिद्ध उत्तेजक आहे. विषतिंदुक वटी, अग्नितुंडी वटी हे कल्प आपण वातविकारांत व अग्निमांद्यात सहजपणे देतो. १९०४ च्या सेंट लुइस ऑलिंपिकमध्ये मॅरेथॉन जिंकणाऱ्या थॉमस हिक्सला धावता धावता स्ट्रिक्नीन पाजले होते व तेव्हा ते नियमबाह्य नव्हते. २०१६ च्या रिओ ऑलिंपिकमध्ये याच द्रव्यामुळे किर्गिझस्तानच्या इज्जत अर्तिकोव या भारोत्तोलकाचे कांस्यपदक काढून घेतले गेले. सोम म्हणून वापरल्या जाणाऱ्या एफेड्रा वनस्पतीतील एफेड्रिन मूत्रात प्रति मिलिलिटर १० मायक्रोग्रॅमहून अधिक आढळल्यास स्पर्धाकाळात दोष ठरतो. बलेतही एफेड्रिन अल्प प्रमाणात आढळल्याच्या नोंदी आहेत. विजया व अहिफेन यांच्या कल्पांविषयी वेगळे सांगावयास नको, तथापि जातिफलादि चूर्णात विजया असते याचे विस्मरण होऊ नये. हिगेनामीन हे द्रव्य २०१७ पासून सूचीत नावानिशी आहे. ते गुळवेलीच्या टिनोस्पोरा क्रिस्पा या भगिनी-जातीत आढळते. म्हणून गुडूची खरेदी करताना ती टिनोस्पोरा कॉर्डिफोलियाच आहे, ही खात्री औषधनिर्मात्याने करून घ्यावी.

यांपैकी कुपीलू, विजया व अहिफेन ही द्रव्ये औषधे व प्रसाधने नियमांच्या अनुसूची ई(१) मध्ये आधीपासूनच आहेत आणि ती असलेल्या औषधांच्या वेष्टनावर वैद्यकीय देखरेखीखाली घेण्याची सूचना छापलेली असते. फार्मसीमालकांनी तीच सूचना खेळाडूच्या बाबतीत दुप्पट गांभीर्याने घ्यावी. शक्तिवर्धक म्हणून विकल्या जाणाऱ्या डब्यांतील भेसळ हा आणखी वेगळा धोका आहे. वेष्टनावर न लिहिलेले स्टेरॉइड आत निघाल्याची प्रकरणे जगभर घडली आहेत.

माझ्या नोंदवहीतील एक पान

हे सर्व लिहिण्याचा अधिकार मला एका चुकीने दिला आहे. काही वर्षांपूर्वी नेरुळच्याच परिसरातील सोळा वर्षांचा एक वेगवान गोलंदाज वडिलांसह माझ्याकडे आला. कंबरेत एका बाजूस वेदना होती. ती मागे वाकताना वाढे. वडील म्हणाले, “डॉक्टरसाहेब, रविवारी निवडीचा सामना आहे. तेवढ्यापुरता उभा करा, मग हवी तितकी विश्रांती देऊ.” मी कटिबस्ती केली, स्नेहन-स्वेदन केले, गुग्गुळकल्पासोबत विषतिंदुक वटी दिली. तीन दिवसांत वेदना उतरली. रविवारी तो खेळला, सोमवारी पेढे आले.

तीन आठवड्यांनी तो आला तेव्हा चालताना कण्हत होता. एमआरआय तपासणीत कटिकशेरुकेच्या मागील भागात, वारंवार पडणाऱ्या ताणामुळे होणारा सूक्ष्म भंग आढळला. त्याचा तो संपूर्ण हंगाम गेला. कोवळ्या वयाच्या वेगवान गोलंदाजाची एका बाजूची, मागे वाकताना वाढणारी कंबरदुखी म्हणजे अन्य काही सिद्ध होईपर्यंत अस्थीचा ताण समजावी, हे मला तेव्हा ठाऊक असावयास हवे होते. मी व्याधी बरा केला नव्हता. शरीर देत असलेला इशारा मात्र बंद केला होता. शिवाय त्या सामन्याच्या वेळी उत्तेजक चाचणी झाली असती तर माझ्याच वटीने त्या मुलाला दोषी ठरवले असते, हे मला पुष्कळ उशिरा उमगले. त्याचे वडील मला एका शब्दानेही बोलले नाहीत. ते बोलले असते तर बरे झाले असते.

एक सामना वाचवण्याच्या नादात मी त्याचा हंगाम घालवला. तेव्हापासून माझ्याकडे येणाऱ्या प्रत्येक खेळाडूसाठी मी एक स्वतंत्र नोंदवही ठेवतो. ती ठेवणे कोणासही शक्य आहे, म्हणून तिचे रकाने येथे देतो.

१. वय, खेळ, आठवड्यातील सरावाचे तास व सामने. एकाच वेळी शाळा, क्लब व अकादमी अशा किती संघांकडून खेळतो?
२. पूर्वीची दुखापत कोणती, किती दिवस विश्रांती झाली व त्यानंतर तीच दुखापत पुन्हा झाली का?
३. या वर्षी किती सामने हुकले आणि किती सामने वेदना असताना खेळले? दुसरा आकडा पालक सहसा सांगत नाहीत, तो मुलालाच विचारावा.
४. चालू औषधे, सिरप, चूर्णे व डबे यांची संपूर्ण यादी. स्पर्धेत चाचणी होण्याची शक्यता आहे का?
५. पुनरागमनाची तारीख कोणी ठरवली : शरीराने, प्रशिक्षकाने की वेळापत्रकाने?

औषधविक्रेत्या बंधूंसाठी एकच प्रश्न पुरे आहे. खोकल्याचे औषध, वेदनाशामक वटी किंवा शक्तिवर्धक मागणाऱ्या तरुणास ‘आपण स्पर्धा खेळता का?’ असे विचारावे. होकार आल्यास वैद्याच्या सल्ल्याशिवाय ते देऊ नये, बिलावर बॅच क्रमांक लिहावा व ‘नाडा’च्या ‘नो युअर मेडिसिन’ या अ‍ॅपची माहिती द्यावी. निषिद्ध द्रव्याचे औषध रोगासाठी अनिवार्यच असेल, तर उपचारार्थ सवलतीसाठी रीतसर अर्ज करण्याची सोय आहे. निषिद्ध द्रव्यांची जागतिक सूची दर वर्षी १ जानेवारीपासून नव्याने लागू होते. ती फार्मसीत छापून ठेवावी.

वाशीपासून पनवेलपर्यंत मैदाने व अकादमी वाढत आहेत. त्यांतील बहुतेक मुले भारतासाठी खेळणार नाहीत. मात्र वयाच्या तिशीत त्यांची कंबर, गुडघा व खांदा कसा असेल, हे आज आपण त्यांना केव्हा थांबवतो यावर पुष्कळ अंशी अवलंबून आहे. कोपराच्या शस्त्रक्रियेनंतर पाच महिने थांबलेल्या माणसाने पुढे आठ वर्षे आंतरराष्ट्रीय क्रिकेट खेळले, हे उदाहरण पालकांना सांगावे. ‘रविवारपुरता उभा करा’ असे म्हणणारे वडील उद्याही आपल्या दवाखान्यात येतील. त्यांना सन्मानाने बसवावे, मुलाची तपासणी पूर्ण करावी आणि आवश्यक असेल तर हा रविवार सोडावा लागेल असे स्पष्ट शब्दांत सांगावे.